नाव तेच, पिढी कुठली?

‘हा गेम कुठल्या प्लेस्टेशनचा?’ हा प्रश्न दुकानदाराला विचारायचा. त्यात तत्त्वज्ञान कसलं आलं, असं कुणालाही वाटेल. खोका उलटसुलट करून बघायचा, वरची पट्टी बघायची, की झालं. तरीही हा प्रश्न बरेच दिवस माझ्या डोक्यातून जात नाहीये. पट्टी बघून उत्तर कळतं, पण ते उत्तर नेमकं कशाबद्दलचं आहे हे कळत नाही. डिस्कवर जे साठवलंय त्याबद्दलचं? ती डिस्क ज्या यंत्रात घालायची त्याबद्दलचं? की विकणाऱ्याने घेणाऱ्याला दिलेल्या शब्दाबद्दलचं? माझं मत तिसऱ्या बाजूला झुकतं. ते का, हे सांगण्यासाठी हा लेख.

आधी साधी माहिती. प्लेस्टेशन ४ आणि प्लेस्टेशन ५, दोन्हींच्या गेमचे खोके निळ्या प्लॅस्टिकचे असतात. चारच्या खोक्यावरची पट्टी निळी, पाचच्या खोक्यावरची पांढरी. शिवाय सोनीच्या नोंदीत प्रत्येक गेमला एक क्रमांक असतो. तो ‘सीयूएसए’ने सुरू होत असेल तर गेम चारचा, ‘पीपीएसए’ने सुरू होत असेल तर पाचचा. एक्सबॉक्सची पद्धत वेगळी. तिथे बऱ्याच खोक्यांवर दोन्ही पिढ्यांची नावं एकाखाली एक असतात, आणि कुठल्या यंत्राला कुठली आवृत्ती द्यायची हे यंत्र आणि कंपनीचा सर्व्हर आपसांत ठरवतात. निन्टेन्डोने जून २०२५ मध्ये स्विच २ आणला. त्याच्या काही कार्ट्रिजमध्ये गेम नसतोच. असते ती फक्त गेम डाउनलोड करायची किल्ली. खोक्यावर तसं छापलेलं असतं, वाचलं तर.

आणि ‘पिढी’ म्हणजे काय? जाणकार प्लेस्टेशन ५ला नवव्या पिढीत धरतात. पण कुठल्याही यंत्रावर ‘पिढी नववी’ असा शिक्का नसतो. ही मोजणी बघणाऱ्यांनी आपल्या सोयीसाठी केलेली आहे. म्हणूनच २०१७ साली आलेल्या पहिल्या स्विचला कुठल्या पिढीत बसवायचं यावर अजून वाद घालता येतो.

आता मुद्द्यावर येण्यासाठी एक प्रसंग. पूर्णगड हे रत्नागिरीच्या दक्षिणेला, पावसच्या पुढे, मुचकुंदी नदी समुद्राला मिळते तिथलं गाव. टेकडीवर छोटासा किल्ला, खाली खाडी, पलीकडे गावखडी. गणपतीत मुंबईकर चाकरमानी येतात तसे आमच्याकडेही येतात. एका वर्षी मुंबईहून आलेल्या दादाने काकांच्या धाकट्या मुलासाठी फुटबॉलचा गेम आणला होता. घरातलं यंत्र प्लेस्टेशन ४. तेही त्याच दादाने नवीन घेतल्यावर इकडे पाठवलेलं. आरती झाली, मोदक झाले, आणि पोरं टीव्हीपुढे जमली. डिस्क आत गेली, यंत्र थोडा वेळ घुमलं, आणि त्याने ती ओळखतच नाही असं सांगितलं. पट्टी पांढरी होती.

दादा म्हणाला, “अरे, हा पाचचा आहे. बदलून आणतो.” त्यावर तो अकरा वर्षांचा मुलगा जे म्हणाला ते मला महत्त्वाचं वाटतं. तो म्हणाला, “पण दादा, नाव तर तेच आहे ना?”

नाव तेच होतं. चित्रही तेच, खेळाडूही तेच. मग वेगळं काय होतं?

पहिलं उत्तर यंत्राच्या अंगाने देता येतं. पाचची डिस्क अधिक दाट लिहिलेली असते आणि चारच्या ड्राइव्हला ती वाचता येत नाही. उलट पाचला चारच्या जवळपास सगळ्या डिस्क वाचता येतात. म्हणजे इथे नव्याला जुनं वाचता येतं, जुन्याला नवं येत नाही. माणसांच्या पिढ्यांत बरेचदा याच्या उलट होतं. कोकणातल्या कित्येक घरांत पणजोबांच्या हातचे मोडीतले कागद पेटीत पडून आहेत आणि घरातल्या एकालाही ते वाचता येत नाहीत. यंत्रांच्या घराण्यातसुद्धा हे घडलेलं आहे. प्लेस्टेशन ४ला प्लेस्टेशन ३च्या डिस्क वाचता येत नव्हत्या, कारण दोघांचे प्रोसेसर मुळातच वेगळ्या जातीचे होते. तेव्हा ‘पिढी’ म्हटलं की वारसा आपोआप येतो असं नाही. तो कुणीतरी ठरवून, खर्च करून द्यावा लागतो.

पण हे उत्तर अपुरं आहे. डिस्क कुठे चालते यावरून ती कुठल्या पिढीची हे ठरत नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’ घ्या. आपल्या भावाला सोडवायला निघालेल्या मुलीची गोष्ट, पहाडी लघुचित्रांची आठवण करून देणारे रंग. हा गेम ऑगस्ट २०२०मध्ये आधी स्विचवर आला आणि ऑक्टोबरमध्ये प्लेस्टेशन ४, एक्सबॉक्स वन आणि पीसीवर. पुढच्याच महिन्यात प्लेस्टेशन ५ जगात इतरत्र आला; भारतात तो २ फेब्रुवारी २०२१ला पोचला. ऑक्टोबरातली ‘राजी’ची ती आवृत्ती पाचवर चालते. म्हणून ती पाचची झाली का? कुणीच तसं म्हणणार नाही. ती चारसाठी केलेली आहे. पाच तिला सांभाळून घेतो. ‘इथे चालते’ आणि ‘इथल्यासाठी केली’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

याहून गमतीचं उदाहरण पीसीचं. पीसीला पिढी नसते. तुकडे बदलत त्याचं आयुष्य चालू राहतं. तरीही २०२१ साली आलेल्या ‘फिफा २२’ची पीसी आवृत्ती जुन्या पिढीची होती. नव्या कन्सोलवर खेळाडूंच्या हालचालींचं जे नवं तंत्र आलं ते पीसीला मिळालं नाही; ते पुढच्या वर्षी मिळालं. यंत्राला पिढी नाही, पण त्यावरच्या गेमला आहे. म्हणजे पिढी यंत्रात नसते. करणाऱ्याने कुणाला डोळ्यांपुढे ठेवून काम केलं, यात ती असते.

दुसरं उत्तर अनुभवाच्या अंगाने देता येईल: ज्या आवृत्त्या खेळताना सारख्याच वाटतात त्या एक, वेगळ्या वाटतात त्या दोन. हेही टिकत नाही. नव्वदीच्या दशकात वाढलेल्यांनी ‘व्हिडिओ गेम’ नावाचं जे यंत्र टीव्हीला जोडलं ते बहुतेक वेळा निन्टेन्डोच्या १९८३च्या फॅमिकॉमची नक्कल असे. त्यात आपण ‘कॅसेट’ घालायचो, ती चालली नाही की फुंकर मारून परत घालायचो. त्यावरचा मारिओ मुळात सेकंदाला साठ चित्रं दाखवणाऱ्या जपानी-अमेरिकी टीव्हीसाठी लिहिलेला होता. आपला टीव्ही पन्नासचा. गेमचा सगळा हिशेब एका चित्रामागे एक पाऊल असा असल्यामुळे पन्नासच्या यंत्रावर तोच मारिओ एक षष्ठांशाने सावकाश धावायचा. आपल्यापैकी कित्येकांनी लहानपणी जो मारिओ खेळला तो टोकियोतल्या मुलाच्या मारिओपेक्षा संथ होता. तरी ‘तू मारिओ खेळलास का?’ असं विचारलं तर आपण बेलाशक ‘हो’ म्हणतो, आणि ते खोटं नसतं.

मिलिंद राजाने नागसेनाला असाच प्रश्न विचारला होता: जन्मलेलं मूल आणि म्हातारा झालेला माणूस एकच की वेगळे? नागसेनाचं उत्तर होतं की एकही नाही आणि वेगळाही नाही. रात्रभर जळणाऱ्या दिव्याची पहिल्या प्रहराची ज्योत आणि शेवटच्या प्रहराची ज्योत यांच्याबद्दल जे म्हणाल तेच इथे म्हणा. पुढे तो दुधाचा दाखला देतो. दुधाचं दही होतं, दह्याचं लोणी, लोण्याचं तूप. यातलं एक दुसऱ्यापासूनच आलेलं असतं, पण दूध म्हणजेच तूप असं म्हणता येत नाही. तत्त्वज्ञान म्हणून हे उत्तर मला पटतं. पण दुकानात ते पुरत नाही. तूप मागणाऱ्याला दुधाची पिशवी देऊन ‘प्रवाह एकच आहे’ असं सांगता येत नाही. एकपणाचा प्रश्न सुटो न सुटो, व्यवहारात कुणाला काय दिलं हे सांगावंच लागतं.

आणि इथेच मला तिसरं उत्तर सापडतं. ‘हा गेम चारचा आहे’ हे वाक्य वस्तूचं वर्णन करत नाही. ते वचन आहे. त्याचा अर्थ असा: तुमच्याकडे हे यंत्र असेल तर हा गेम त्यावर नीट चालेल, तो त्यासाठी तपासलेला आहे, आणि नाही चालला तर जबाबदारी आमची. पट्टीचा रंग म्हणजे त्या वचनाची सही. कोड किती सारखा आहे, चित्र किती देखणं आहे, यावर मग आवृत्तीची ओळख ठरत नाही. कुणाला शब्द दिलाय यावर ठरते.

कोकणातल्या वाचकाला हे वेगळं समजावून सांगायला नको. आपल्याकडे हापूसचं हेच आहे. २०१८ साली हापूसला भौगोलिक मानांकन मिळालं. रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे आणि पालघर या जिल्ह्यांतल्या आंब्यापुरतं ते नाव राखलं गेलं. दुसरीकडचा आंबा रत्नागिरीच्या नावाने पेटीत भरून विकला तर आपण चिडतो. तो आंबा वाईटच असतो असं नाही; कधी कधी चांगला गोडही असतो. आपला राग चवीवर नसतो, पेटीवरच्या अक्षरांवर असतो.

वचन म्हणून बघितलं की ‘सायबरपंक २०७७’चं प्रकरण नीट उलगडतं. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टचा हा गेम १० डिसेंबर २०२०ला आला. खोक्यावर प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वन यांची नावं होती. पीसीवर तो बराच चांगला चालला. जुन्या कन्सोलवर मात्र चित्रं अस्पष्ट, गती अडखळणारी, मध्येच बंद पडणं. आठवडाभरात सोनीने तो आपल्या ऑनलाइन दुकानातून काढला आणि पैसे परत देऊ केले. तो परत आला जून २०२१मध्ये. कंपनीने माफी मागितली ती नुसत्या दोषांबद्दल नव्हती. जुन्या कन्सोलवर गेम कसा दिसतो हे विक्रीआधी दाखवलं नाही, याबद्दल होती. मला वाटतं, माफीचं खरं कारण त्यांनी अचूक ओळखलं. गेममध्ये चुका राहतात, दुरुस्त होतात. पण ज्याच्या यंत्राचं नाव खोक्यावर छापलं त्याच्या यंत्रावरचं चित्र त्याला न दाखवता दुसऱ्याच्या यंत्रावरचं दाखवणं, ही चूक वेगळ्या जातीची आहे.

यावर आक्षेप घेता येतो, आणि तो हलका नाही. ग्राहकाने बघून घ्यावं. सात वर्षांपूर्वीच्या यंत्रावर नवा गेम आजच्याइतका देखणा चालेल अशी अपेक्षा करणंच भाबडं नाही का? मला यातला अर्धा भाग मान्य आहे. जुन्या यंत्रावर कमी मिळणार हे समजून घ्यायला हवं. पण किती कमी, हे फक्त करणाऱ्यालाच ठाऊक असतं. विकत घेऊन खेळून बघितल्याशिवाय घेणाऱ्याला ते कळायचा मार्ग नाही. ज्ञान एकाच बाजूला असेल तर सावधपणाची सगळी जबाबदारी दुसऱ्या बाजूवर टाकणं न्याय्य नाही. आपला २०१९चा ग्राहक संरक्षण कायदाही वस्तूचा दर्जा, प्रमाण, शुद्धता, किंमत यांची माहिती मिळणं हा ग्राहकाचा हक्क मानतो. वाचणं हे घेणाऱ्याचं काम खरं, पण वाचण्याजोगं लिहिणं हे विकणाऱ्याचं.

शिवाय जुन्या पिढीच्या यंत्रावर कोण खेळतं, हेही बघायला हवं. सगळेच काही आळसाने किंवा आवडीने जुन्यावर राहत नाहीत. आमच्याकडे वस्तू मुंबईहून गावाला एक पिढी उशिरा येतात. आधी रेडिओ तसा आला, मग टीव्ही, फ्रिज, मोबाईल. मोठ्याने नवीन घेतलं की जुनं धाकट्याकडे, धाकट्याकडून गावाकडे. प्लेस्टेशन ४ आज याच वाटेवर आहे. म्हणजे ‘जुन्या पिढीची आवृत्ती’ हा नुसता तांत्रिक शब्द नाही. ती बहुतेकदा धाकट्यांची, गावातल्यांची, कमी पैसे असलेल्यांची आवृत्ती असते. ती करताना कुणी हात आखडता घेतला तर तो कुणाच्या बाबतीत घेतला, हे उघड आहे.

मग न्याय कशात आहे? सगळ्यांना सगळं सारखंच द्या, असं मी म्हणणार नाही. ते शक्य नाही, आणि शक्य असल्याचं नाटक करण्यातूनच फसवणूक सुरू होते. याच ‘सायबरपंक’चा पुढचा भाग बघा. फेब्रुवारी २०२२मध्ये नव्या कन्सोलसाठी वेगळी आवृत्ती आली. सप्टेंबर २०२३मध्ये ‘फँटम लिबर्टी’ ही जोडकथा आली तेव्हा ती जुन्या कन्सोलसाठी काढलीच नाही, आणि तसं आधीच सांगितलं. जुनं यंत्र असलेल्याला त्यात काहीच मिळालं नाही. तरीही नैतिकदृष्ट्या मला २०२३चा नकार २०२०च्या होकारापेक्षा वरचा वाटतो. नकारात समोरच्याला शहाणा माणूस मानलेलं असतं. तो आपले पैसे कुठे घालायचे ते ठरवू शकतो. खोट्या होकारात त्याला फक्त गिऱ्हाईक मानलेलं असतं.

या मताची किंमतही मांडायला हवी. स्वच्छ नकार मिळालेल्या मुलाच्या हातात शेवटी काहीच नसतं. अडखळत का होईना, खेळायला मिळालं असतं, असं तो म्हणेल, आणि ते बरोबरही असेल. त्याला माझं उत्तर असं: अडखळणारी आवृत्ती जरूर विका, पण ती अडखळते असं सांगून विका, आणि त्या हिशेबाने पैसे घ्या. ‘कमी’ देणं अन्याय नाही. ‘कमी’ला ‘पूर्ण’ म्हणणं अन्याय आहे.

आवृत्त्यांशी प्रामाणिक राहायची रीत मराठीला नवी नाही. ज्ञानेश्वरी सांगून झाली १२९०मध्ये. पुढच्या तीनशे वर्षांत नकलांमागून नकला होत गेल्या आणि पाठ बिघडले. एकनाथांनी शके १५०६ म्हणजे १५८४मध्ये प्रती ताडून शुद्ध प्रत सिद्ध केली. आपण हे काम कधी केलं, हे त्यांनी प्रतीच्या शेवटी नोंदवून ठेवलं, आणि यात कुणी आपली ओवी घुसवू नये अशी ताकीद दिली. पुढे १९०९ साली राजवाड्यांनी एक वेगळी प्रत छापली. एकनाथांच्याही आधीची म्हणून. आज अभ्यासक ‘एकनाथी प्रत’, ‘राजवाडे प्रत’ असं म्हणतात. ग्रंथाचं नाव एक, पण हातात कुठली प्रत आहे हे लपवलेलं नाही. वारकऱ्याला पारायणासाठी यातली कुठलीही चालेल. पाठभेद तपासणाऱ्याला चालणार नाही. दोघांचीही सोय होते, कारण प्रत करणाऱ्याने शेवटी चार ओळी प्रामाणिकपणे लिहिल्या. ज्याला आपण आज आवृत्तीचा क्रमांक म्हणतो, त्याचं काम त्या चार ओळींनी केलं.

पुढे हा प्रश्न अवघड होत जाणार आहे. खोका आणि डिस्क हळूहळू जात आहेत. पट्टीच नसेल तर रंग कशाचा बघायचा? ऑनलाइन दुकानात गेमच्या नावापुढे बारीक अक्षरांत ‘पीएस ४’, ‘पीएस ५’ असं लिहिलेलं असतं, आणि ते उद्या बदलता येतं. आवृत्ती रात्रीतून बदलते, आपल्याला न विचारता. आपण गेम विकत घेतो असं म्हणतो; खरं तर तो वापरायची परवानगी घेतो. कॅलिफोर्नियाने हे ग्राहकाला स्पष्ट सांगणं बंधनकारक करणारा कायदा २०२४मध्ये केला. डिस्क हातात होती तोवर वचन निदान छापील होतं. ते कपाटात ठेवता येत होतं, दुसऱ्याला देता येत होतं, दहा वर्षांनी काढून दाखवता येत होतं. सर्व्हरवरचं वचन देणाऱ्याच्याच घरी राहतं.

म्हणून त्या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर ‘नाव तेच आहे, पण डिस्क वेगळी आहे’ एवढंच देऊन मला थांबता येत नाही. नाव कामाचं असतं. ते पिढ्या ओलांडून जाऊ शकतं, आणि जावं. आवृत्ती मात्र माणसासाठी असते. ‘हा गेम कुठल्या पिढीचा?’ असं विचारताना आपण खरं तर विचारत असतो की हे करणाऱ्याच्या मनात माझ्या घरातलं यंत्र होतं का, आणि नव्हतं तर त्याने ते मला पैसे घ्यायच्या आधी सांगितलं का. पहिल्याचं उत्तर ‘नाही’ असलं तरी चालेल. दुसऱ्याचं ‘नाही’ असून चालणार नाही.